अवनीच्या उंचीची खिडकी

शुक्रवारी सकाळी सातलाच दौलत शारजातल्या इमारतीखाली येऊन उभा राहिला होता. वर यायला संकोच. चार वर्षांत तो बहिणीच्या घरी फार तर दहा वेळा आला असेल, आणि दर वेळी विभावरीने बाल्कनीतून हाक मारल्याशिवाय त्याने जिन्यावर पाय ठेवला नव्हता. आज अंगात इस्त्रीचा पांढरा शर्ट, केसांना चपचपीत तेल आणि खिशात सुताराची घडीची फूटपट्टी. सुट्टीच्या दिवशी ही कशाला, असं तिने विचारलं, तर नुसता हसला.

रविवारी त्याचं विमान होतं. कंत्राट संपलं, व्हिसा कॅन्सल, खलास. जाण्याआधी त्याला एकच काम उरकायचं होतं. तासाभराच्या अंतरावर खाडीकाठच्या खारफुटीत नवीन पक्षी अभयारण्य झालं होतं. तिथलं लपण, म्हणजे पक्ष्यांना माणूस दिसू नये म्हणून बांधलेली लाकडी खोली, दौलतच्या हातची होती. अकरा महिने तो तिथे चिखलात राबला होता. ते लपण त्याला आपल्या भाचीला, आठ वर्षांच्या अवनीला, स्वतः नेऊन दाखवायचं होतं.

त्यातही एक गंमत होती आणि ती फक्त विभावरीला ठाऊक होती. दीड वर्षापूर्वी दौलतने अवनीला स्वयंपाकघराच्या दाराला टेकवून उभं केलं होतं आणि तिच्या डोळ्यांच्या रेषेवर पेन्सिलीची खूण केली होती. "कशाला रे मामा?" "मग सांगीन." लपणाच्या नकाशात चार खिडक्या होत्या, चारही मोठ्या माणसांच्या उंचीच्या. पोरांनी काय भिंत बघायची? फोरमनच्या हातापाया पडून दौलतने पाचवी खिडकी कापली, खाली, त्या खुणेच्या मापाने. पुढे उद्घाटन झालं, फिती कापल्या गेल्या, आणि ज्याने लाकूड कापलं त्याला कुणी बोलावलं नाही. बोलावतंय कोण?

निखिलला, म्हणजे विभावरीच्या नवऱ्याला, मुळात यायचंच नव्हतं. दुबईच्या ऑफिसात आठवडाभर मान मोडायची आणि शुक्रवारी पुन्हा गाडी हाकायची, ही त्याची कुरकुर. शेवटी आला. किल्ली बोटाभोवती गरगर फिरवायची त्याची सवय होती, तशी ती फिरवत पार्किंगपासून फाटकापर्यंत सगळ्यांच्या पुढे चालत गेला.

फाटकावर मोहिद्दीन नावाचा मलबारी वॉचमन होता आणि त्याच्या डोक्यावर पाटी होती. शुक्रवार, फक्त फॅमिली. बॅचलरना प्रवेश नाही.

आता इथे बॅचलर म्हणजे कोण, ते तिकडे राहिलेल्या माणसाला सांगावं लागत नाही. गावाकडे बायको आणि चार पोरं असली तरी इथे एकटा राहणारा कामगार बॅचलरच. त्याला आठवड्यात एकच सुट्टी, शुक्रवार. आणि नेमका तोच वार फॅमिलीचा. ज्याने कुणी हे डोकं लढवलं, त्याने पूर्ण विचार करून लढवलं असणार.

"फॅमिली?" मोहिद्दीनने विचारलं.

"फॅमिली," निखिल म्हणाला.

"ये कौन?" त्याचं बोट दौलतकडे.

विभावरीने तोंड उघडलं होतं. 'भाई है मेरा' हे तीन शब्द जिभेवर होते. पण तेवढ्यात मागून हाक आली. "अरे निखिल! तू पण इकडे?" निखिलचा मॅनेजर विल्फ्रेड, वसईचा, बायकोला घेऊन येत होता. जोसेफिनने लांबूनच हात केला.

निखिलने एकदा मॅनेजरकडे पाहिलं, एकदा दौलतच्या तेल लावलेल्या केसांकडे.

"ड्रायव्हर है," तो वॉचमनला म्हणाला. "बाहर रुकेगा."

"ड्रायव्हर लोग उधर," मोहिद्दीनने पार्किंगच्या टोकाची पत्र्याची शेड दाखवली. मग टेबलावरच्या कागदातून फ्लेमिंगोचं चित्र असलेले तीन गोल स्टिकर काढून त्याने तिघांच्या हातात दिले. ते छातीवर लावायचे, म्हणजे आत कुणी अडवत नाही.

"ऱ्हाऊ दे ताई," दौलत घाईने म्हणाला. "मी बसतो की हितं. तुमी या बघून." आणि वळून चालायलाही लागला. एक हात खिशातल्या फूटपट्टीवर होता.

आणि विभावरी? कराडच्या शाळेत वादविवादाची बक्षिसं मिळवलेली विभावरी मूग गिळून आत गेली. नंतर कितीतरी वर्षं तिला नवऱ्याचा राग यायचा तेव्हा त्यातला अर्धा वाटा त्या गिळलेल्या शब्दांचा असायचा. सख्खा भाऊ. अवनीचं जावळ ज्याच्या मांडीवर काढलं तो मामा. आणि तिने साधं हूं की चूं केलं नाही.

आत माहिती केंद्र होतं. थंडगार एसी, काचेच्या पेटीत पेंढा भरलेला बगळा, भिंतीभर समुद्राचा नकाशा, बटण दाबलं की पक्ष्याचा आवाज. निखिलला आता उत्साह आला होता. मॅनेजर आसपास होता ना! तो अवनीला एकेक बोर्ड मोठ्याने वाचून दाखवत होता.

"बघ अवनी, काय लिहिलंय? नेचर बिलाँग्ज टू एव्हरीवन. निसर्ग सर्वांचा आहे."

"सर्वांचा," विभावरी म्हणाली. "शुक्रवार सोडून."

"अगं, हळू!" त्याने इकडे तिकडे पाहिलं. "त्यांचा रूल आहे. आर्ग्युमेंट कशाला करायचं?"

"रूल त्यांचा. ड्रायव्हर कुणी म्हटलं?"

"विल्फ्रेडसमोर सीन नको होता मला. आणि दौलतला काही वाटत नाही. त्याला सवय आहे."

सवय आहे! विभावरीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. उन्हाची सवय असते, तिखटाची सवय असते. आपल्याच माणसाने चारचौघांत आपल्याला नाकारलं, याची सवय कुणाला असते? तिला त्या क्षणी काचेची पेटी उघडून तो बगळा नवऱ्याच्या टाळक्यात घालावासा वाटला. त्याऐवजी अवनीचा हात धरून ती लाकडी पुलावरून तरातरा लपणाकडे निघाली.

पुलाची एकही फळी करकरत नव्हती. खिळ्यांची डोकी आत दाबून वर भुसा भरलेला. लहानपणी घरचं दार बसवतानाही दौलत असंच करायचा, कुणाला खिळा लागू नये म्हणून. हे तिला आता आठवलं आणि डोळ्यांत पाणी आलं, तेही रागाचंच.

लपणात चार खिडक्यांशी चार मोठी माणसं दुर्बिणी लावून उभी होती. अवनीने टाचा उंचावून पाहिल्या, उड्या मारून पाहिल्या. मग कोपऱ्यात खाली तिला पाचवी खिडकी दिसली. ती जाऊन समोर उभी राहिली. वाकावं लागलं नाही, की टाचा उचलाव्या लागल्या नाहीत.

"मम्मी! धिस वन इज एक्झॅक्टली माय साइझ!" ती ओरडली. बाहेर उथळ पाण्यात शेकडो फ्लेमिंगो माना खाली घालून चरत होते. "हाऊ डिड दे नो?"

"मामाला माहीत होतं. त्यानेच कापली आहे ती. तुझ्यासाठी."

अवनीने खिडकीची कड हाताने चाचपली. मग कपाळाला आठी घालून विचारलं, "देन व्हाय डिड बाबा से ही'ज द ड्रायव्हर? मामा कान्ट ड्राइव्ह. बाबा ड्रोव्ह."

पोरीने किती सरळ सांगितलं! विभावरी तिचा हात धरून आल्या पावली माघारी फिरली.

निखिल फाटकाजवळच्या सावलीत विल्फ्रेड आणि जोसेफिनशी गप्पा मारत होता. किल्ली बोटाभोवती फिरत होती. विभावरी थेट त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली आणि त्याच्या शर्टावरचा स्टिकर तिने ओढून काढला.

"अगं, काय करतेस?"

फाटकाबाहेर जाऊन तिने शेडकडे तोंड करून हाक मारली, कराडच्या शिवारात मारायची तशी. "दौलत! इकडं ये!"

तो धावत आला. काय झालं, कुणाला लागलं का, असा चेहरा. तिने स्टिकर त्याच्या छातीवर थापला.

"मॅडम, ये तो ड्रायव्हर है," मोहिद्दीन गडबडला. "ड्रायव्हर अलाऊड नहीं है. मेरी नौकरी का सवाल है."

"तुम्हारी गलती नहीं है, भाईसाब. गलत बताया था. ये मेरा भाई है. ये फॅमिली है. ड्रायव्हर वो है." तिने निखिलकडे बोट केलं. "गाडी किसने चलाया? चाबी किसके हाथ में है, देखो."

सगळ्यांनी पाहिलं. किल्ली फिरायची थांबली होती. विल्फ्रेडने घसा खाकरला. जोसेफिन मात्र नवऱ्याचा दंड धरून हळूच, पण ऐकू जाईल असं म्हणाली, "विल्फी, तो खरंच तिचा भाऊ आहे रे. नाक बघ ना."

"ताई, आगं दाजी हायेत ते," दौलत कळवळून म्हणाला. "असं नको गं."

"तू गप्प बस."

मोहिद्दीन बापडा निखिलपुढे गेला. "आप ड्रायव्हर?"

निखिलने मॅनेजरकडे पाहिलं, बायकोकडे पाहिलं. नाही म्हणावं तर मघाचं खोटं सगळ्यांपुढे उघडं पडणार, हो म्हणावं तर हे असं. शेवटी त्याने अवनीकडे पाहिलं. निदान तिने तरी आपली बाजू घ्यावी.

"येस," अवनी म्हणाली. "बाबा ड्रोव्ह."

"हां," निखिल पुटपुटला.

"तो उधर, शेड में," मोहिद्दीन म्हणाला. त्याचा आवाज मवाळ होता. आजवर त्याने कितीकांना ती शेड दाखवली होती, पण इतक्या भारी बुटांचा माणूस तिकडे जाताना तो पहिल्यांदाच बघत होता.

लपणात दौलत अवनीशेजारी गुडघ्यांवर बसला. बसल्या बसल्या त्याने फूटपट्टी उलगडली, जमिनीपासून खिडकीच्या कडेपर्यंत मोजलं, मग अवनीच्या डोळ्यांपर्यंत मोजलं आणि खूष होऊन मान डोलावली.

"चार बोटं वाढ धरली हुती," तो म्हणाला. "बराबर तेवढीच वाढली बघ पोरगी."

अवनी फ्लेमिंगो मोजायला लागली. पहिली शंभर झाली, मग घोळ झाला, मग पुन्हा पहिल्यापासून. दौलत तिच्याबरोबर मोजत होता. मधूनच तो मागे वळून विभावरीकडे बघत होता. त्याच्याने राहवेना.

"ताई, ऊन लई चढलंय. पत्रा तापला आसंल. दाजी एकलेच बसल्यात. चला, निघू या का?"

विभावरी खिडकीतून बाहेर बघत होती.

"बघून होऊ दे तुमचं सावकाश," ती म्हणाली. "ड्रायव्हर थांबतात."