गवताची जेली

"नाथा, मासं धरतोस का काय हिरीत? सकाळधरनं दोर सोडून बसलायस!"

सुभेदार मानसिंग कठड्याला टेकून विचारत होते. दोर हातावर गुंडाळत नाथाजीनं बादली सावकाश वर घेतली. बादलीत कराडहून भुशात बांधून आणलेला बर्फ होता आणि बर्फात रोवलेला पितळी डबा. त्यानं झाकण किलकिलं करून पाहिलं. लाल जेली धरली होती. डब्याला टिचकी मारली तशी ती अंगभर थरथरली.

"जेली हाय, सुभेदार. गारव्यालाच धरती ही."

"आन् ही तोफंत भरायची का बंदुकीत?" मानसिंग स्वतःच्याच बोलण्यावर खो खो हसले आणि काठी टेकत वाटेला लागले.

माळेवाडीत हे नेहमीचंच होतं. गाव सगळं पलटणीतल्या लोकांचं. कुणाच्या पायात गोळी, कुणाच्या खुंटीला पदक. नाथाजीनं बावीस वर्षं नोकरी केली ती साहेब लोकांच्या मेसमध्ये. चावडीवर लढाईच्या गोष्टी निघाल्या की कुणीतरी हटकून विचारायचं, "नाथा, तू कुठल्या आघाडीवर हुतास रं?" आणि दुसरा कुणीतरी सांगायचा, "चुलीच्या!" पळीबहाद्दर हे नाव त्याला पडलं होतं. नाथाजीही सगळ्यांबरोबर हसायचा. पण घरी आला की जेवण होईपर्यंत तोंडातून शब्द काढायचा नाही, हे त्याच्या बायकोला, साळूबाईला, ठाऊक होतं.

आज मात्र त्याच्या डोक्यात मानसिंग नव्हतेच. दोन दिवसांपूर्वी बनुबाई त्याच्या दारात येऊन बसली होती. गावात जिच्या मुलाची हत्तीवरून काढावी तशी मिरवणूक काढली होती, ती बनुबाई. पदर तोंडाला लावून ती म्हणाली होती, "भावजी, लालाच्या तोंडात पानी ठरंना. ताक न्हाई, कालवन न्हाई. पुण्याच्या इस्पितळात त्याला लाल वड्या देत हुते म्हनं, थरथरत्या. तेवढ्याच त्यानं गोड मानून खाल्ल्या. तुमी सायबांस्नी करून घालत हुता न्हवं?"

लालासाहेब तिचा थोरला. एकाहत्तरच्या लढाईत तोफगोळ्याची कपची लागून त्याचा खालचा जबडा डावीकडून गेला होता. डॉक्टरांनी शिवून, जोडून त्याला माणसांत आणलं, पण ओठाचा तो कोपरा काही मिटत नव्हता. चावता येत नव्हतं, आणि पातळ काही तोंडात घेतलं की अर्धं बाहेर यायचं. दीड वर्ष झालं, तो गोठ्यात भिंतीकडे तोंड करून जेवत होता. आईलासुद्धा जवळ थांबू देत नव्हता.

आणि आता आठ दिवसांवर बहिणीचं, चंद्राचं, लग्न आलं होतं.

"म्हनतो, त्या दिवशी मी कराडला जाऊन बसतो," बनुबाई म्हणाली. "नवरदेवाशेजारी भावाचा पाट. व्हराडी इचारतील, भाऊ कुठाय? मी काय सांगू? आन् चंद्रा म्हनती, दादा पंगतीला बसला न्हाई तर मी बी पानाला हात लावत न्हाई. दोगं बी माझ्याच पोटचं. लय हट्टी."

"मी करतो," नाथाजी म्हणाला होता. म्हणताना त्याची छाती जरा फुगलीसुद्धा होती. गावात बावीस वर्षांचं काम पहिल्यांदाच कुणीतरी मागायला आलं होतं.

तर तो डबा फडक्यात गुंडाळून नाथाजी गोठ्यापाशी गेला. लालासाहेब बाजेवर बसला होता, नाकापासून खाली टॉवेल बांधलेला. डोळे तेवढे दिसत होते, आणि ते डोळे चांगले होते, काळेभोर, आईचे. बनुबाई दाराच्या आड उभी राहिली.

नाथाजीनं बशीत जेलीच्या चौकोनी वड्या कापल्या. एकसारख्या, मेसमध्ये कापायचा तशा. लालासाहेबानं टॉवेल सोडला, चमच्यानं एक वडी तोंडात घेतली, आणि क्षणभर त्याच्या कपाळावरची आठी गेली. नाथाजीला वाटलं, जिंकलं.

पण उन्हाळा वैशाखाचा, आणि तोंडाची ऊब वेगळीच. वडी जिभेवर बसल्या बसल्या वितळली. ओठाच्या कोपऱ्यातून लाल पाणी हनुवटीवर आलं, हनुवटीवरून पांढऱ्या सदऱ्यावर. लालासाहेब ते हातानं अडवायला गेला तर हातही लाल झाला.

"आगं आई! रगत!" बनुबाई दारातून धावली.

"रगत न्हाई, वैनी, रंग हाय, रंग..." नाथाजी सांगत होता, पण लालासाहेबानं टॉवेल पुन्हा तोंडाला बांधला होता आणि भिंतीकडे वळला होता. "तात्या," तो टॉवेलाआडून म्हणाला, "ऱ्हाऊ द्या आता."

नाथाजी डबा घेऊन घरी निघाला. इस्पितळात पोरगा उशांना टेकून मान मागं टाकून पडलेला असायचा, म्हणून तिथं ती वडी पोटात जात होती, हे त्याला आत्ता कळत होतं. त्यानं कधी असा विचारच केला नव्हता. जेली करायची, ट्रे आत द्यायचा. पुढं ती कुणाच्या तोंडात कशी विरघळते हे बघायला आचारी कुठं जातो? त्याला स्वतःची लाज वाटली. मानसिंगांच्या थट्टेनं कधी वाटली नव्हती इतकी.

"जरा घट्ट करायला पायजे," त्यानं साळूबाईला सांगितलं. "जिलेटिनची पावडर तिप्पट घालतो." कराडच्या दुकानातली पावडर संपली होती. दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं तो सांगलीला गेला.

गणपती पेठेत तिसऱ्या दुकानातही ती पावडर मिळाली नाही. चौथं दुकान धन्यकुमारचं. त्यानं जिलेटिनचं नाव ऐकताच हात वर केले.

"हाडाचं असतंय ते, अण्णा. आमी जैन. आमच्यात मिळायचं न्हाई."

"हाडाचं?" नाथाजी बघतच राहिला. बावीस वर्षांत त्याला हे कुणी सांगितलं नव्हतं.

दुकानाच्या मागच्या पडवीत धन्यकुमारची आई गुणमाला डाळ निवडत बसली होती. साठीची, पांढऱ्या लुगड्यातली. तिनं आतूनच विचारलं, "कशाला पाहिजे हो तुमाला ते?"

नाथाजीनं सांगायला सुरुवात केली ती दोन वाक्यांत सांगावं म्हणून, आणि सगळंच सांगून बसला. लालासाहेब, गोठा, लाल झालेला सदरा, चंद्राचा हट्ट. गुणमालाचा डाळीतला हात थांबला.

"आमच्या ह्यांना लकवा मारलता," ती म्हणाली. "तोंड वाकडं. पाणी गळायचं, पेज गळायची. तीन वर्षं काढली तशी. या, हितं पडवीत बसा."

तिनं सुनेला हाक मारून शेगडी बाहेर मागवली. डब्यातून पांढऱ्या, कोरड्या, हलक्या धाग्यांची जुडी काढली. चायना ग्रास, समुद्रातल्या शेवाळाचं. नाथाजीनं ते मेसच्या कपाटात कधीमधी पाहिलं होतं आणि गवत म्हणून बाजूला सारलं होतं.

"अक्का, ह्यानं बर्फाबिगर धरंल?"

"बघा की."

तिनं धागे भिजवले, उकळत्या पाण्यात पार विरघळेपर्यंत हलवले, फडक्यातून गाळले. साखर घातली. मग भांडं खाली उतरवलं आणि तेव्हा कुठं द्राक्षाचा रस ओतला. "रस इस्तवावर घालायचा न्हाई. आंबट रसाबरोबर उकळलं की धरत न्हाई ते. उतरलं की घालायचं." ताटात ओतून तिनं ते तसंच पडवीत ठेवलं, वैशाखाच्या झळांत. नाथाजी त्याच्याकडे संशयानं बघत बसला. अर्ध्या तासात सुरीनं वड्या पडल्या.

त्यानं एक तोंडात टाकली. वितळली नाही. जिभेनं टाळूला दाबली तशी मोडली, पुन्हा दाबली तशी बारीक झाली, आणि घशाखाली गेली. त्याच्या जेलीसारखी ती थरथरत नव्हती, चमकतही नव्हती. साहेबानं ती ट्रेसकट परत पाठवली असती. पण तोंडात पाण्याचा थेंब झाला नव्हता.

"दूध बी धरतंय," गुणमाला सांगत होती. "वरणाचं पाणी बी. नुसत्या गोडावर माणूस जगत न्हाई."

नाथाजीच्या मनात ताबडतोब मटणाचा रस्सा आला. पण तो कुठं बसला आहे हे त्याला वेळीच आठवलं, आणि ती गोष्ट त्यानं पोटातच ठेवली. निघताना त्यानं वाकून तिच्या पाया पडायला हात पुढं केला तर ती मागं सरकली. "पोरगं जेवलं की कळवा," एवढंच म्हणाली.

गावात येऊन त्यानं आधी एक घाणा बिघडवला. मेसच्या सवयीनं आंब्याचा रस चुलीवरच ओतला, आणि दुपारभर वाट बघूनही त्याची खीरच राहिली. साळूबाईनं ती वाटीतून पिऊन टाकली आणि म्हणाली, "अक्कानं सांगितलं ते इकडच्या कानानं ऐकलं आन् तिकडच्या कानानं सोडलं वाटतं." दुसरा घाणा मात्र साधला.

लग्नाच्या आदल्या दिवशी तो वड्या घेऊन पुन्हा गोठ्यात गेला. लालासाहेबानं मान हलवली.

"नको, तात्या."

"मी तिकडं तोंड करून बसतो," नाथाजी म्हणाला. "बगत न्हाई. तुला वाटलं तर खा, न्हाई तर म्हशीला घाल."

तो खरंच पाठ करून बसला. समोर दावणीची म्हैस रवंथ करत होती, तिच्याकडे बघत राहिला. मग मागं बशी वाजली. परत वाजली. नाथाजीनं मान वळवली नाही.

"तात्या," मागून आवाज आला. "गळंना हे."

नाथाजी तेव्हा वळला. बशी रिकामी होती. लालासाहेब हनुवटीवरून कोरडा हात पुन्हा पुन्हा फिरवत होता.

"उद्या पाटावर बसशील?"

"समद्यांच्या पानात भात आन् माज्या पानात ह्ये," लालासाहेब एवढंच बोलला.

नाथाजी तिथून उठला तो थेट बनुबाईच्या चुलीपाशी. "वैनी, ही वडी उद्या समद्या पंगतीला वाढायची. एकट्याच्या पानात पडली तर त्ये औषध झालं. समद्यांच्या पानात पडली की पक्वान्न." आणि त्या दुपारी, दुसऱ्या दिवशी पहाटे, त्यानं आणि साळूबाईनं मिळून आंब्याच्या, कलिंगडाच्या, दुधाच्या आणि दाट आमटीच्या वड्यांची ताटंच्या ताटं लावली.

अक्षता पडल्या. कानपिळीला लालासाहेब पुढं आला, टॉवेल बांधलेलाच. नवरदेवाचा कान त्यानं असा पिळला की नवरदेव खरंच ओरडला आणि मांडव हसला. मग पंगत बसली. नवरदेवाशेजारचा पाट रिकामा होता. चंद्रा मुंडावळ्यांतून त्या पाटाकडे बघत होती. बनुबाई भाताचं भांडं हातात धरून उभीच राहिली होती, वाढायचं विसरून.

लालासाहेब आला आणि बसला. टॉवेल सोडून त्यानं मांडीवर ठेवला.

नाथाजी ताट घेऊन पहिल्या पानापासून वाढत आला. मानसिंगांच्या पानात वडी पडली तसं त्यांनी विचारलं, "ह्ये काय रं?" "सायबाचं खानं हाय, सुभेदार. गपचीप खावा." मानसिंगांनी खाल्ली आणि दुसरी मागितली. व्हराड्यांनी मागितल्या. नवरदेवाला दुधाची आवडली. कोण काय खातंय हे बघायला कुणाला सवड नव्हती. लालासाहेब मान खाली घालून खात होता, सावकाश, एक एक वडी जिभेनं मोडत. सदरा पांढराच होता.

नाथाजी दुसऱ्यांदा वाढायला आला. दीड वर्षात त्या पोराच्या विनवण्या खूप झाल्या होत्या. आई रडली होती, बहीण रुसली होती. पण पंगतीत करतात तसा आग्रह त्याला कुणी केला नव्हता, करायची सोयच नव्हती. नाथाजीनं आवाज चढवून इतरांना म्हटलं तसंच म्हटलं, "घ्या, लालासाहेब, आंब्याची घ्या आनखी दोन!"

"न्हाई, तात्या."

"आवं, बहिनीच्या लग्नात न्हाई म्हनायचं व्हय? एक तरी!"

"बास, बास! प्वाट भरलं!" म्हणत लालासाहेब पुढं वाकला, आणि दोन्ही हातांचे पंजे पसरून त्यानं आपलं पान झाकलं.

नाथाजीनं ताट तसंच धरलं आणि तो पुढच्या पानाकडे वळला.