पान दोनशे बारावरचं तेल

मी गाडीची माहितीपुस्तिका बोलतेय. ड्रायव्हरशेजारच्या सीटसमोर जो कप्पा असतो, त्यात विम्याचे कागद, न उठणारं पेन आणि चुरगळलेला रुमाल यांच्या खाली माझ्यासारखी एक जण पडलेली असतेच. तुम्ही कप्पा उघडता, पेन काढून पाहता, ते उठत नाही म्हणून परत ठेवता आणि कप्पा लावून टाकता. तुमची आमची ओळख एवढीच.

मला लिहिणारा इंजिनिअर फार सावध माणूस होता. गाडी चालवताना झोपू नये, हेही त्याने लिहून ठेवलंय. सीटचा पट्टा कसा लावावा, याला त्याने चार पानं दिली. इंजिनात कोणतं तेल घालावं, हे मात्र एका पानात उरकलं, पान दोनशे बारा. तिथे एक तक्ता आहे आणि खाली जाड अक्षरांत एक ओळ: गाडी कितीही चालली तरी यापेक्षा जाड तेल वापरू नये. छपाई झाली, पानं शिवली गेली, प्लास्टिकच्या पिशवीत घालून मला गाडीबरोबर धाडून दिलं.

माझे पहिले मालक चष्मेवाले होते. लोकांना बारीक अक्षर वाचता यावं म्हणून त्यांनी जन्मभर भिंगं घासली. मला मात्र पिशवीतून बाहेर काढलं ते एकदाच, गाडीत गांधीलमाशी शिरली तेव्हा. त्यांचा नेम चुकला आणि माशी वाचली. मी काही वाचली गेले नाही.

सात वर्षांनी त्यांचे गुडघे बोलू लागले आणि त्यांनी गाडी विकायला काढली. ती घेतली बाईंनी.

बाईंचा धंदा कान तपासायचा. मागच्या सीटवर एक करड्या रंगाची पेटी ठेवायच्या आणि आसपासच्या शाळा पालथ्या घालायच्या. पेटीत आवाज काढणारं मशीन आणि कानाला लावायचे जाडजूड हेडफोन. पोरांनी डोळे मिटायचे आणि आवाज आला की बोट वर करायचं. वर्गात मागे बसणारं, मास्तरांच्या लेखी ढ असलेलं पोर खरं तर बहिरं आहे, हे कितीदा तरी बाईंच्या मशीनने दाखवून दिलं होतं.

गाडी पारखून दिली ती त्यांच्या थोरल्या भावाने, दादाने. दोघांत पंधरा वर्षांचं अंतर. आईवडील लवकर गेले, तेव्हा दादाने गॅरेज टाकलं आणि त्यावर धाकटीला शिकवलं. बाईंचे केस पिकायला लागले तरी तो त्यांना 'बेबी' म्हणायचा. सगळं गाव त्याला 'कानवाले दादा' म्हणे. गाडी गल्लीच्या तोंडाशी वळली की हा आतूनच सांगायचा, "पुढच्या डाव्या चाकाचं बेअरिंग गेलंय." आणि ते गेलेलंच असायचं. स्क्रूड्रायव्हरचं टोक इंजिनाला, मूठ कानाला, डोळे मिटलेले. वैद्य नाडी बघतो तसा तो गाडी बघायचा.

तेलाच्या बाबतीत त्याचा एकच नियम होता. "म्हाताऱ्या माणसाला काठी, म्हाताऱ्या गाडीला जाड तेल." आमच्या गाडीचं जुनं तेल त्याने अंगठा आणि बोट यांच्यात चोळून पाहिलं, "पाणी आहे नुसतं," म्हणाला आणि जाड तेल ओतलं. मी कप्प्यात होते. ओतण्याचा आवाज मला ऐकू आला. तेल नीट जाड असलं की ते गळ्यात अडकल्यासारखं बुडबुडतं. पान दोनशे बारा माझ्याच पोटात होतं. पण मला वाचा दिली आहे ती दुसऱ्याच्या डोळ्यांनी, आणि ते डोळे तेव्हा बॉनेटखाली होते.

उन्हाळाभर काही झालं नाही. थंडी पडली आणि एका सकाळी चावी फिरवल्याबरोबर इंजिनाच्या वरच्या अंगाने आवाज आला. टिक टिक टिक टिक, घड्याळाने धावत सुटावं तसा. अर्ध्या मिनिटाने थांबला. दुसऱ्या दिवशी तो पाऊण मिनिट टिकला.

बाई तडक गॅरेजवर गेल्या, पण पोचेपर्यंत इंजिन तापलं आणि आवाज गेला. म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी दादालाच घरी बोलावून त्याच्यासमोर गाडी सुरू केली.

"दादा, आता ऐक."

दादाने बॉनेट उघडलं, मान वाकडी केली. "झकास चाललीय की."

"टिकटिक येतेय ना."

"कसली?"

"आत्ता, ही काय."

"बेबी, दिवसभर ते मशीन कानाला लावून बसतेस, त्याची टिकटिक डोक्यात राहिलीय तुझ्या. गाडी लोण्यासारखी आहे."

बाईंनी गाडी बंद केली. चाळीस वर्षं ज्या कानावर गावाच्या गाड्या चालल्या, त्याच्यापुढे आपण काय बोलणार, असं त्यांना वाटलं असावं. तरी शाळेत जाता जाता त्या सुट्या भागांच्या दुकानापाशी थांबल्या. काच खाली होती, म्हणून मला सगळं ऐकू आलं.

"माझ्या गाडीला कोणतं तेल बरं?"

"किती चाललीय?"

"लाखाच्या जरा खाली."

"मग हे घ्या. सोनेरी डबा. यात सगळं आलं."

"सगळं म्हणजे?"

दुकानदाराने डबा फिरवून पाहिला. "डब्यावर लिहिलंय बघा. आणि दादांना विचारा ना, घरात गंगा असताना माझ्याकडे कशाला?"

बाई गाडीत येऊन बसल्या. मग त्यांनी कप्पा उघडला, पेन बाजूला केलं, रुमाल बाजूला केला.

अनुक्रमणिका, मग पान दोनशे बारा. मी आठ वर्षं या क्षणाची वाट पाहिली होती. आनंदाने पानं फडफडली असती, पण शिवण घट्ट आहे. बाईंनी तक्त्यावर बोट ठेवून वाचलं. तेलाच्या डब्यावर दोन आकडे असतात. पहिला थंडीतला: तो जितका लहान, तितकं तेल गारठ्यातही लवकर धावतं. दुसरा आकडा इंजिन तापल्यावर तेल किती जाड राहतं त्याचा. माझ्या तक्त्यात पाच आणि तीस होतं. दादाने घातलेल्या तेलावर वीस आणि पन्नास. या इंजिनातल्या तेलाच्या वाटा बारीक आहेत. थंडीत जाड तेल वरपर्यंत चढायला वेळ घेतं, आणि तोवर वरचे भाग कोरडेच एकमेकांवर आपटतात. हीच ती टिकटिक.

पुढच्या सकाळी मला बगलेत मारून त्या गॅरेजवर गेल्या. गाडी रात्रभर तिथेच उभी ठेवली होती, गार पडावी म्हणून.

"पुस्तक लिहिणाऱ्याने कधी गॅरेज चालवलंय का?" दादा हसला. मला त्याने उघडलंसुद्धा नाही.

"राहू दे पुस्तक. मी चालू करते, तू नुसता ऐक."

टिकटिक सुरू झाली. या वेळी ती रस्त्यापलीकडे ऐकू जात असावी, कारण सायकलवरचा एक माणूस वळून बघत गेला. दादा बॉनेटवर वाकला होता. पण त्याची नजर इंजिनावर नव्हती. तो बाईंच्या चेहऱ्याकडे बघत होता. त्यांच्या कपाळावर आठी कधी पडते, ते शोधत होता.

"आता आला का?" त्याने विचारलं.

बाईंनी चावी बंद केली. ही नजर त्या रोज बघायच्या. ज्या पोराला ऐकू येत नाही, ते डोळे किलकिले ठेवून बाईंच्या बोटांकडे, ओठांकडे असंच बघतं आणि अंदाजाने बोट वर करतं.

"नाही," त्या म्हणाल्या. "गेला वाटतं."

मला त्यांनी कप्प्यात ठेवलं नाही, मांडीवर ठेवलं. शाळेत दहाला पोचायचं होतं. सव्वादहापर्यंत त्या गॅरेजच्या कोपऱ्यावर गाडीत बसून होत्या.

रविवारी दादा जेवायला आला. मी जेवणाच्या टेबलावरच होते; आठवडाभर बाईंनी मला घरात घेतलं होतं. हात धुऊन झाल्यावर त्या म्हणाल्या, "मशीन दुरुस्तीला गेलं होतं, कालच आलंय. उद्या शाळेत न्यायच्या आधी खात्री करायचीय. जरा कान दे."

दादा खुशीत बसला. कानाचं काम म्हटल्यावर त्याचा हात कोण धरणार. हेडफोन चढवले, डोळे मिटले, तळवे मांडीवर. पहिले आवाज घुमणारे होते. बोट लगेच वर, खाली, वर, खाली. अगदी हुशार विद्यार्थी. मग बाईंनी आवाज बारीक नव्हे, उंच केले, पाखराच्या चिवचिवाटाकडे नेले.

बोट वर आलं नाही.

बाईंनी आवाज वाढवला. पुन्हा वाढवला. मला आता तो हेडफोनमधून टेबलापर्यंत ऐकू येत होता. दादाचं बोट मांडीवर स्वस्थ पडलेलं होतं. त्याने डोळे उघडले.

"बंद पडलं का गं परत?"

बाईंनी हेडफोन उतरवले. "नाही दादा. चालू आहे."

दादाने मशीनकडे पाहिलं. त्याच्यावर हिरवा दिवा जळत होता. मग त्याने बाईंच्या पुढ्यातल्या कागदाकडे पाहिलं. कागदावरची रेघ डावीकडून सरळ येत होती आणि मध्यावरून जिना उतरावा तशी खाली गेली होती. तो आलेख त्याला कळला नसेल, पण चढउतार कळतो गॅरेजवाल्याला.

"किती वर्षं?"

"सांगता नाही यायचं. हळूहळू जातं. हातोडे, पंखे, इंजिनं. चाळीस वर्षं कानाशी होती ना सगळी."

"मग ती टिकटिक..."

"होती."

बाईंनी टेबल पुसायला घेतलं. ते आधीच पुसलेलं होतं.

"तुझा चष्मा दे," दादा म्हणाला. त्याने मला ओढून घेतलं. "कुठलं पान?"

चष्मा त्याच्या नाकाला लहान पडत होता. तक्ता त्याने बोटाने वाचला, मग खालची जाड ओळ वाचली, ओठ हलवत. दोनदा. मला वाटलं होतं, आपलं म्हणणं कुणीतरी मान्य केलं की बरं वाटेल. तसं काही वाटलं नाही. तो म्हातारा दिसत होता.

"बेबी, नव्या बांधणीच्या किती गाड्यांना घातलं असेल मी जाड तेल?"

"आठवतील तुला."

"आठवतील. कान गेले, डोकं नाही."

सोमवारी त्याने आमच्या गाडीचं तेल सोडलं, फिल्टर बदलला आणि इंजिनाचं वरचं झाकण उघडून नख फिरवलं. "बारीक ओरखडे आहेत. नख लागतंय, अडकत नाही. आणखी एक हिवाळा गेला असता तर अडकलं असतं." मग मापून, माझ्यात बघून, नवं तेल भरलं.

नंतर तो बाईंच्या शेजारी बसला आणि आम्ही बेकरीवर गेलो. बेकरीवालीची पाव पोचवायची गाडीही त्याच्याकडेच असे. मी त्याच्या मांडीवर होते. माझा कोपरा त्याने उगीच दुमडला.

"ताई, तुमची गाडी आणा. तेल चुकलंय माझं."

बेकरीवाली पिठाचे हात पुसत बाहेर आली. "मी दोनदा येऊन सांगितलं, आवाज येतोय म्हणून."

"हो."

"तुम्ही म्हणालात, पावात लक्ष घाला."

"म्हणालो होतो."

"मग आता कसा ऐकू आला?"

दादाने एकदा बाईंकडे पाहिलं. "अजून नाही आला. मला ते आवाज ऐकू येत नाहीत. आज ना उद्या गावभर होईलच, तुम्हाला आधी सांगतोय."

बेकरीवाली आत गेली आणि गाडीची चावी घेऊन आली.

अशा अकरा गाड्या निघाल्या. दोन मालक दुसऱ्या गॅरेजकडे गेले, ते गेलेच. एकाच्या गाडीत नख अडकलं. ते काम दादाने पदरचं घालून करून दिलं.

कानात घालायची यंत्रं घ्यायला त्याने महिनाभर टाळाटाळ केली. घातली त्या दिवशी गॅरेजमध्ये पाना पडला, तर तो दचकून बाहेरच आला. नळ गळतोय, पंखा कुरकुरतोय, पत्र्यावर चिमण्या आहेत, हे सगळं त्याने एकाच सकाळी बाईंना फोन करून कळवलं. चिमण्यांचं दोनदा सांगितलं.

मी हल्ली गॅरेजच्या टेबलावर असते. बाईंना माझी गरज उरली नाही; पाच आणि तीस त्यांना तोंडपाठ आहे. दादा मला दुपारी वाचतो. सीटच्या पट्ट्याच्या चार पानांवर त्याला हमखास झोप लागते, त्यात त्याचा दोष नाही. माझ्या पानांवर काळे अंगठे उमटलेत, पाठीला चिकटपट्टी लावलीय. पुस्तिकेच्या जातीत याला सुख म्हणतात.

गाडी आली की तो आधी पुस्तक मागतो. लोक शोधाशोध करतात. कुणाचं माळ्यावर असतं, कुणाचं टेबलाच्या पायाखाली. काल एक जण कुरकुरला, "पुस्तक कशाला, दादा? तुमचा कान आहे ना?"

दादाने कानामागचं यंत्र नीट बसवलं. "हा विकत आणलाय," तो म्हणाला. "पुस्तक गाडीबरोबर आलंय. कप्प्यात बघा, पेनाच्या खाली."

तुम्हीही बघा.