पूर्वेकडचा खांब आणि संघप्रिया मॅडम

मी एक जुना खांब आहे. विजेचा नव्हे आणि टेलिफोनचाही नव्हे. सोलापुरातल्या एका महाविद्यालयाच्या बास्केटबॉल मैदानावर, पूर्वेच्या टोकाला मी गेली तीस वर्षे उभा आहे. माझ्या डोक्यावर एक फळी आणि फळीला एक लोखंडी रिंग आहे. मित्रांनो, नुसते उभे राहण्याचे काम सोपे वाटते. पण सोलापूरच्या एप्रिलमध्ये दुपारी दोन वाजता उभे राहून पाहा, म्हणजे मी का थकलोय ते कळेल.

माझा जन्म अक्कलकोट रस्त्यावरच्या एका कारखान्यात झाला. शिवपुत्र नावाच्या वेल्डरने मला जोडले. रिंग बसवून झाल्यावर तो स्वतः तिला लोंबकळला आणि मालकाला म्हणाला, "माणूस पडंल, पण ही पडायची न्हाई." माझ्या आयुष्यातली ती पहिली शाबासकी. मग ट्रॅक्टरवर आडवा टाकून मला इथे आणले आणि सिमेंटमध्ये पक्के पुरले.

सुरुवातीची वर्षे मुलेच खेळत. मुलींचा संघ नंतर उभा राहिला, तो गुरप्पा सरांमुळे. सर अक्कलकोटकडचे, कमी बोलणारे. एका जुलैत त्यांनी एका उंच मुलीला माझ्याखाली आणून उभे केले. तिचे नाव संघप्रिया. ती बुधवार पेठेतून चालत यायची. वडील महापालिकेच्या पाणीपुरवठ्यात होते आणि आई मीनाबाई घरी विड्या वळायची. संघप्रियाने तोवर बास्केटबॉल हातातही धरला नव्हता.

सर तिला म्हणाले, "उंची फुकट मिळाली बघ तुला. उडी मात्र कमवावी लागंल."

तिने ती कमावली. रोज सकाळी सहाला येऊन ती दोनशे वेळा चेंडू माझ्या रिंगकडे फेकायची. पहिल्या महिन्यात बहुतेक चेंडू माझ्या फळीच्या कडेला लागून परत जायचे. वर्षभरात मला तिच्या चेंडूचा स्पर्शच होईनासा झाला. तो सरळ जाळीतून खाली यायचा. तिसऱ्या वर्षी ती विद्यापीठाच्या संघाची कर्णधार झाली. रेल्वेच्या संघाच्या निवड चाचणीचे पत्र आले, तेव्हा मीनाबाई स्वतः मैदानावर आल्या. त्यांनी माझ्याकडे मान वर करून पाहिले आणि लेकीला विचारले, "एवढ्या वर टाकतीस व्हय?" ती हसली. निवड झाली तर तिला रेल्वेत नोकरीच लागणार होती.

चाचणीला तीन आठवडे राहिले असताना आंतरमहाविद्यालयीन अंतिम सामना याच मैदानावर झाला. संघप्रियाचा उजवा गुडघा आदल्या दिवसापासून सुजला होता. सामना शेवटच्या पाच मिनिटांवर आला आणि आमचा संघ मागे पडला. ती बाहेर बसली होती. सर तिच्यापाशी आले.

"जमंल का गं?"

"जमंल की सर."

सरांनी गुडघ्याला पट्टी बांधली. ती उतरली, आणि आमचा संघ एका गुणाने जिंकला. समोरच्या संघाने फेकलेला शेवटचा चेंडू माझ्या रिंगवरून उसळला, तो तिनेच उडी मारून धरला. खाली उतरताना तिचा पाय वाकडा पडला. मी अगदी जवळ होतो. गुडघ्यात काहीतरी तुटल्याचा आवाज मी ऐकला, तिच्या मैत्रिणींनी मात्र ऐकला नाही. त्या ओरडत होत्या, नाचत होत्या. संघप्रिया माझ्या बुंध्याला धरून बसली होती.

रेल्वेच्या चाचणीला ती गेली नाही. पुढे दोनदा शस्त्रक्रिया झाली. चालू लागली, पण उडी पुन्हा आली नाही.

काही महिन्यांनी ती काठी घेऊन मैदान पाहायला आली. गुरप्पा सर तिच्याशेजारी बसले. मग सर म्हणाले, "मी तुला इचारायलाच नको होतं. इचारल्यावर तू न्हाई म्हणणारच नव्हतीस."

सरांना निवृत्त होताना मी पाहिले. त्यांच्या जागी संघप्रियाच आली, शारीरिक शिक्षणाची पदवी घेऊन. नेमणूक कंत्राटी होती. दर जूनला नवे पत्र यायचे. आता मुली तिला मॅडम म्हणू लागल्या, म्हणून मीही म्हणतो. मॅडम किंचित लंगडत मैदानात यायच्या, पोत्यातले चेंडू काढायच्या आणि सराव घ्यायच्या. माझी जाळी त्या शिडीवर चढून स्वतः बांधायच्या. चौदा वर्षे असेच चालले. दरवर्षी नव्या मुली यायच्या, जरा खेळायला लागल्या की त्यांची तीन वर्षे संपायची. मॅडम पुन्हा पहिल्यापासून चेंडू कसा धरायचा ते शिकवायच्या. त्यांचा आवाज हळूहळू बसत गेला. कधी कधी सराव संपला की माझ्या सावलीत पाय लांब करून त्या बसत. दमलेल्याला दमलेला ओळखतो.

मग दिपाली आली. मंगळवेढ्याकडच्या माळावरची, मेंढरे राखणाऱ्या घरातली. तिच्या पायांत वारा होता. दोन वर्षांत तिने आमच्या संघाला अंतिम सामन्यापर्यंत नेले. जवळजवळ वीस वर्षांनी आमचे महाविद्यालय चषकाच्या इतके जवळ आले होते. मांडव घातला होता, पाहुणे बोलावले होते. दिपालीचे वडील धनाजी पहाटेच्या एसटीने आले होते.

सकाळच्या उपांत्य सामन्यात दिपालीचा गुडघा मुरगळला. संध्याकाळच्या अंतिम सामन्यात मॅडमनी तिला बाहेरच बसवले. शेवटची सहा मिनिटे उरली आणि आम्ही चार गुणांनी मागे होतो. क्रीडा समितीचे प्रमुख खुर्ची सोडून आले.

"मॅडम, पाच मिनिटांचा तर प्रश्न आहे. मुलगी तयार आहे."

दिपाली उठून उभीच होती. "मॅडम, मला काय बी होत न्हाय. सोडा मला."

मॅडम तिच्यासमोर कष्टाने खाली बसल्या. त्यांचा तो गुडघा धड वाकत नाही. त्यांनी दिपालीच्या बुटांच्या नाड्या सोडल्या, दोन्ही बूट काढले, ते मांडीवर घेतले आणि बाकावर जाऊन बसल्या. प्रमुखांना त्या एवढेच म्हणाल्या, "ती खेळणार नाही."

आम्ही चार गुणांनीच हरलो.

दिपाली मोजे घातलेल्या पायांनी माझ्यापाशी उभी राहून रडत होती. "मला इचारलं बी न्हाय तुमी," ती म्हणाली.

"विचारणारच नव्हते," मॅडम म्हणाल्या. धनाजी जवळ आले, त्यांनी मॅडमच्या मांडीवरचे बूट घेतले आणि लेकीच्या पायात घातले.

डॉक्टरांनी तीन महिने विश्रांती सांगितली. त्या तीन महिन्यांत दिपाली मॅडमशी बोलली नाही. जून आला, पण मॅडमचे नेमणुकीचे पत्र आले नाही. कारण कोणी सांगितले नाही. शेवटच्या दिवशी त्यांनी चेंडू मोजून शिपायाच्या ताब्यात दिले. मला हात लावून वगैरे काही त्या गेल्या नाहीत. घाई होती, रिक्षा थांबली होती.

आता त्या मोडनिंबच्या एका शाळेत शिकवतात. रोज एसटीने जाऊन येऊन करतात. पण रविवारी सकाळी आपल्या वस्तीतल्या मुलींना घेऊन इथे येतात. वॉचमन फाटक उघडतो, एवढीच त्यांना परवानगी आहे.

गेल्या हिवाळ्यात अशाच एका रविवारी दिपाली आली. ती आता पुण्याच्या एका संघाकडून खेळते. तिने थोडा वेळ लहान मुलींचा खेळ पाहिला. मग मॅडमजवळ येऊन म्हणाली, "मॅडम, माझा राग अजून गेला न्हाय."

"गुडघा कसा आहे?"

"चांगला हाय."

"मग राग असू दे."

दिपालीने चप्पल काढली आणि ती त्या मुलींमध्ये खेळायला गेली.

मित्रांनो, माझा रंग उडाला आहे आणि जाळीचे चारच धागे उरले आहेत. त्याचे मला फारसे काही वाटत नाही. लोखंड आहे, गंजणारच. पण तुमच्यासाठी कोणी धावत असेल, तर तो हो म्हणतो एवढ्यावर विसंबू नका. त्याच्या पायाकडेही पाहा. आणि एक लहानशी विनंती. माझ्याखाली तुम्ही मोटारसायकली लावता, रविवारी तेवढ्या त्या पलीकडे लावा. सकाळी सहाला मुली येतात.