नेवरखेडीच्या विहिरीची हकीकत

देवासहून दोन कोसांवर नेवरखेडी होती. तिला गाव म्हणायचं म्हणून म्हणायचं. सकाळी जेवणं उरकली की तिथले झाडून सारे बाप्ये डोक्यावर पागोटी चढवून आणि काखेत दप्तरं मारून देवासची वाट धरायचे, ते दिवेलागणीलाच परतायचे. देवासात राजे दोन, कचेऱ्याही दोन. कुणी थोरल्या पातीचा कारकून, कुणी धाकट्या पातीचा. त्याचा अभिमान एवढा दांडगा की थोरलीवाले रस्त्याच्या उजव्या अंगानं चालायचे आणि धाकटीवाले डाव्या अंगानं. शहरात घराला जागा मिळेना, म्हणून ही मराठी मंडळी इथं येऊन राहिली. त्याला वीस वर्षं झाली, पण नाल्याला पाणी कोणत्या महिन्यात येतं हे विचारलं तर एकमेकांच्या तोंडाकडे पाहायची. गावात झोपायला यायची, दुसरं काय!

आणि अशा माणसांनी गावाचा इतिहास लिहायला घेतला!

दरबारातून हुकूम आला होता. संस्थानचं गॅझेटियर छापायचं आहे, तरी प्रत्येक गावाची हकीकत, लोकांचा स्वभाव, देवळं, विहिरी, सगळं लिहून पाठवावं. नेवरखेडीचं लेखन अर्थातच मोरोपंतांकडे आलं. थोरल्या पातीच्या कचेरीत त्यांच्या अक्षराला तोड नव्हती. चार संध्याकाळी खपून त्यांनी मसुदा केला आणि पाचव्या संध्याकाळी आपल्या ओसरीवर सगळ्यांना वाचून दाखवला.

आत स्वयंपाकघरात त्यांच्या वहिनी, उमाबाई, भाकऱ्या थापत होत्या. मोरोपंतांचे थोरले भाऊ जाऊन बारा वर्षं झाली होती, आणि तेव्हापासून या घराचा सारा भार याच बाईच्या खांद्यावर होता. बाहेरचा शब्द न् शब्द त्यांच्या कानावर येत होता.

"मौजे नेवरखेडी हे राजमान्य अधिकारी मंडळींचे गाव असून लोक सुशील, विद्याभिलाषी व परोपकारी आहेत."

"वा!" ओसरी म्हणाली.

"गावात गोड्या पाण्याची पायविहीर आहे. ती छप्पन्याच्या दुष्काळात येथील अधिकारी मंडळींनी स्वपरिश्रमें खोदली."

उमाबाईंच्या हातातली भाकरी तव्याऐवजी चुलीत पडली. स्वपरिश्रमें! अरे, मेल्यांनो! त्यांच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. ओसरीवरची मंडळी उठून जाईपर्यंत त्या कशाबशा थांबल्या आणि मग पिठाच्या हातांनीच दारात येऊन उभ्या राहिल्या.

"भावजी, ती विहीर कोणी खोदली म्हणालात?"

मोरोपंतांनी कागद गुंडाळला. "वहिनी, ही दरबारी भाषा आहे. असंच लिहायचं असतं."

"कुदळ कोणत्या हातानं धरायची ते तरी ठाऊक आहे का तुमच्यातल्या एकाला? वासंतीचं नाव लिहा त्यात. जिनं त्या विहिरीपायी जीव दिला तिचं नाव लिहा. मला बाकी काही नको."

मोरोपंतांचा चेहरा उतरला. "ती पटकीनं गेली," ते हळूच म्हणाले आणि कागद घेऊन आत निघून गेले.

पटकीनं! सात वर्षं हे असंच चाललं होतं. वासंती ही मोरोपंतांची पहिली बायको, म्हणजे उमाबाईंची धाकटी जाऊ. ती पटकीनं गेली असं मोरोपंतांनी कचेरीत सांगितलं, सासुरवाडीला कळवलं, आणि वर्षानं जी दुसरी बायको केली तिच्या माहेरीही तेच सांगितलं. गावातल्या साऱ्या बाप्यांना खरं ठाऊक होतं, आणि साऱ्यांनी गप्प बसून त्यांना साथ दिली. का, तर चांगल्या घरची सून डोक्यावर मातीच्या पाट्या वाहत होती हे चारचौघांत कसं सांगायचं! लाज वाटते! पाणी प्यायला मात्र लाज वाटली नाही हो कुणाला.

त्या छप्पन्याच्या वर्षी, म्हणजे संवत १९५६ साली, काय झालं ते उमाबाईंना काल घडल्यासारखं आठवत होतं. पाऊस आलाच नाही. माघातच गावचे दोन्ही आड आटले. पुरुषांना काय! ते सकाळी देवासला जायचे, तिथल्या विहिरीवर तोंड धुवायचे, पोटभर पाणी प्यायचे आणि संध्याकाळी ताजेतवाने होऊन घरी यायचे. दिवसभर गावात उरायच्या बायका, तान्ही मुलं आणि गुरं. नव्या विहिरीसाठी अर्ज करायचं ठरलं, पण तो थोरल्या पातीकडे करायचा की धाकट्या पातीकडे, यावर ओसरीवर दोन महिने वाद चालला. सहा मसुदे झाले. एकही गेला नाही.

मग चैत्रात एक दिवस गावातली मालवी मजूर बाई, जमुनाबाई, उमाबाईंच्या परसदारी आली आणि म्हणाली, नाल्याच्या वळणावर उंबर अजून हिरवा आहे, तिथं खाली पाणी असणार. उमाबाईंनी पदर खोचला. बोडक्या बाईला कोण काय म्हणणार होतं! पण वासंती एकवीस वर्षांची, मोरोपंतांची लाडकी, हातात बिलवर घालणारी. ती म्हणाली, "मी पण येते, वहिनी." आणि आली. तिच्यामागून साऱ्या घरांतल्या बायका आल्या. ब्राह्मण, मराठा, इथल्या मूळच्या मालवी, कुणी कुणाची जात विचारली नाही. उतरायला पायऱ्या ठेवत, कुदळीनं खणत, पाट्यांनी माती उचलत त्या दीड महिना राबल्या.

संध्याकाळी पुरुष आले की चिडायचे. "शोभतं का हे?" विचारायचे. आणि तळाला झिरपलेलं गढूळ पाणी बायकांनी निवळून ठेवलेलं असायचं, त्यानंच पाय धुऊन पाटावर बसायचे. उमाबाईंना ते आठवलं की अजूनही अंगाची लाहीलाही व्हायची.

वैशाखात झरा लागला. त्याच दुपारी वरची दरड ढासळली, आणि खाली वासंती होती.

मोरोपंतांची हकीकत तशीच दरबारात गेली. उमाबाईंनी मोरोपंतांशी बोलणं टाकलं. त्यांचं पान वाढायच्या, पण आणखी हवं का असं विचारायच्या नाहीत. छापील पुस्तकात एकदा उमटलं की तेच खरं होणार, नातवंडं-पतवंडं तेच वाचणार, आणि वासंती कायमची पटकीनं मेलेली राहणार, हा एकच विचार त्यांना खात होता.

पंधरा दिवसांनी, अमावास्येच्या सुट्टीला, दरबारचे तपासणी अंमलदार जयसिंगराव घोड्यावरून नेवरखेडीत आले. प्रत्येक गावची हकीकत समक्ष पडताळून पाहायची असा त्यांचा खाक्या होता. मोरोपंतांच्या ओसरीवर जाजम पडलं, पानसुपारी आली, सारी अधिकारी मंडळी पागोटी घालून बसली. अंगणात कडेला बायका जमल्या. उमाबाई दाराआड उभ्या राहिल्या.

जयसिंगरावांनी कागद उघडला. "विहीर आपण मंडळींनी खोदलीत. फार छान. पायऱ्या किती?"

मोरोपंतांनी शेजाऱ्याकडे पाहिलं. "असतील पंचवीस एक."

"चाळीस तरी असतील," धाकट्या पातीचे शालिग्राम म्हणाले.

"अठरा," दाराआडून आवाज आला.

जयसिंगरावांनी भुवया उंचावल्या. "झरा कोणत्या अंगाचा?"

कुणी उत्तरेकडे बोट दाखवलं, कुणी दाखवलेलं बोट खाली घेतलं.

"उगवतीचा," दाराआडून आवाज आला. "कातळाच्या कपारीतून. वैशाखातही कमरेएवढं पाणी राहतं."

"कातळ किती हातांवर लागला?"

"चौदा हातांवर. त्यावर अकरा दिवस घातले, तेव्हा तो फुटला."

जयसिंगराव भराभर लिहीत होते. लिहून झाल्यावर म्हणाले, "माहिती देणाराचं नाव?"

आणि मोरोपंत काय म्हणाले ठाऊक आहे? सवयीनं म्हणा, निर्लज्जपणानं म्हणा, आपलं स्वतःचं नाव सांगायला त्यांनी तोंड उघडलं!

उमाबाई उंबरा ओलांडून बाहेर आल्या. लाल आलवण नेसलेली विधवा बाई परक्या अंमलदारासमोर, भर ओसरीवर! पागोटी हलली, कुणीतरी "अहो, अहो" म्हणालं.

"पायऱ्या मोजता येत नाहीत आणि म्हणे स्वपरिश्रमें!" उमाबाईंचा आवाज थरथरत होता, पण थांबत नव्हता. "साहेब, ही विहीर बायकांनी खोदली. हे सगळे तेव्हा देवासला होते. हे रोजच देवासला असतात. या गावाला यांनी उजेडात कधी पाहिलेलं नाही, आणि हे त्याचा इतिहास लिहितात! माझी जाऊ वासंती त्या विहिरीत दरडीखाली सापडून गेली. तिचं नाव लिहा."

जयसिंगराव मोरोपंतांकडे वळले. "या म्हणतात ते खरं का?"

"माझं कुटुंब पटकीनं..." म्हणता म्हणता मोरोपंतांनी मान खाली घातली.

अंगणातून जमुनाबाई पुढं आली. "पटकी? म्हने काढी थी वणी के, म्हारा दोई हाथ से!" मीच बाहेर काढली होती तिला, असं सांगत तिनं दोन्ही हात वर करून दाखवले. मागच्या साऱ्या बायका एकदम बोलू लागल्या. मी पाटी धरली होती, मी दोर ओढला होता, मी तिचं डोकं मांडीवर घेतलं होतं. जयसिंगरावांनी हात वर केला तरी कुणी ऐकेना.

मोरोपंत खाली मान घालून बसले होते. बायका गप्प झाल्यावर त्यांनी मान वर केली. जयसिंगरावांकडे नाही, वहिनींकडे पाहिलं.

"लगेच गेली का ती?"

सात वर्षांत हा प्रश्न त्यांनी पहिल्यांदा विचारला होता. उमाबाईंना वाटलं, एक थोबाडीत द्यावी याच्या.

"नाही," त्या म्हणाल्या. "दोन घटका होती. शुद्धीवर होती."

"काही बोलली?"

"बोलली ना. 'वहिनी, मला लवकर आंघोळ घाला,' म्हणाली. 'ते कचेरीतून यायच्या आत अंगावरची माती जाऊ दे. त्यांना नाही आवडायचं.' आम्ही तिला आंघोळ घातली, भावजी. तिनंच खणलेल्या विहिरीच्या पहिल्या पाण्यानं. तुम्ही आलात तेव्हा ती स्वच्छ होती."

मोरोपंतांनी उपरण्यानं तोंड झाकलं आणि त्यांचे खांदे हलू लागले. उमाबाईंना दया आली नाही. आज त्यांना दया करायचीच नव्हती.

मग मोरोपंतांनी जयसिंगरावांपुढचा कागद आपल्याकडे ओढला. टाक दौतीत बुडवला. 'अधिकारी मंडळींनी स्वपरिश्रमें' यावर आडवी रेघ मारली आणि वर लिहायला लागले. ज्या अक्षराची सारी कचेरी वाखाणणी करायची, ते अक्षर वेडंवाकडं येत होतं.

"काय लिहिलंत?" उमाबाईंनी विचारलं.

"गावच्या स्त्रियांनी खोदली. मोरेश्वर यांची पत्नी वासंती हीस त्या कामी देवाज्ञा झाली."

"देवाज्ञा बिवाज्ञा नको. माती वाहताना मेली असं लिहा."

मोरोपंतांनी खोडलं आणि लिहिलं.

"आता वाचा. मोठ्यानं वाचा, या सगळ्यांना ऐकू जाऊ दे."

आणि मोरोपंत आपल्या ओसरीवर, साऱ्या पागोट्यांसमोर, उभे राहून वाचू लागले.