सूर्य विझल्याचं गणित

मित्रांनो, मी लॉग टेबलची एक जुनी पुस्तिका आहे. मोठमोठे गुणाकार-भागाकार सोपे करून देणारे बारीक आकडे माझ्या पानापानांवर छापलेले आहेत. १९८१ साली धामणकर नाक्यावरच्या एका दुकानातून चांगदेवने मला घेतलं. कापडाच्या लूमचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात तो लेथवरचा टर्नर होता आणि त्याला बढतीची परीक्षा द्यायची होती. तो पास झाला तेव्हा मला कपाळाला लावून म्हणाला, "हिच्यामुळंच झालो!" मी किती फुशारले होते!

मग सहा वर्षं मी अंजूर गावातल्या त्यांच्या घरात फळीवर पडून राहिले. १९८७ साली त्याची मुलगी तुळजा अकरावीला गेली आणि तिने मला खाली काढलं. कॉलेजच्या विज्ञान प्रदर्शनात तिचा विषय होता, सूर्य किती वर्षं जळेल?

"अगं आई, सोपं आहे," ती चंपाला सांगत होती. "स्टोव्हमध्ये रॉकेल किती आणि तासाला किती जळतं, एवढं कळलं की भागाकार करायचा."

कॉलेजातल्या शैला मॅडमनी तिला आकडे दिले होते. सूर्यातल्या जळण्याजोग्या इंधनातून मिळणारी एकूण ऊर्जा एका बाजूला, दर सेकंदाला खर्च होणारी दुसऱ्या बाजूला. उत्तर सेकंदांत आलं. वर्षाचे सेकंद साधारण तीन कोटी पंधरा लाख, म्हणून तिने माझ्यात ३.१५ चा लॉग बघितला आणि शेवटचा भागाकार केला.

सूर्याचं एकूण आयुष्य आलं तीनशे तीस कोटी वर्षं. पण सूर्याचं आजचं वयच चारशे साठ कोटी!

"आई, गणितात सूर्य कधीच विझलाय!"

भाकरी थापणारे चंपाचे हात थांबले. तिने दारातून बाहेरच्या टळटळीत उन्हाकडे बघितलं. "मग ह्यो वर काय जळतोय?"

तुळजाने तीनदा गणित केलं. तीनदा सूर्य विझला.

चांगदेव हातात ब्रश घेऊन तक्ता रंगवत होता. "उद्या प्रदर्शन हाय. मॅडमच्या पुस्तकात हजार कोटी दिलंय ना? तेच लिहू, न्हाय तर लोक हसतील."

"मग मी गणित कशाला केलं, बाबा?"

ती पुन्हा माझ्यावर वाकली. तिचं बोट ३.१५ शोधत एकतीसच्या ओळीवरून सरकू लागलं. ४९६९, मग ९९८३, मग ४९९७. बोट थबकलं. "चढत्या आकड्यांमध्ये हा नऊ कुठून आला?"

चांगदेवने पान उजेडात धरलं आणि त्याला स्वतःचीच शाई ओळखू आली. कारखान्यातल्या तेलकट बोटाने तिथला चार पुसट झाला होता. परीक्षेच्या घाईत त्याने पेनने अंदाजाने नऊ गिरवला होता.

"सूर्य मीच विझवला गं!"

मित्रांनो, मीही हादरले. सहा वर्षं मी पोटात खोटं घेऊन मिरवत होते, आणि मला त्याचा पत्ताही नव्हता!

आकडा सुधारला, आणि सूर्याला हजार कोटींहून थोडी जास्त वर्षं मिळाली. दुसऱ्या दिवशी प्रदर्शनात मॅडमनी विचारलं, "सूर्याच्या दहापट वस्तुमानाचा तारा असेल तर?"

"दहापट जगेल!" गर्दीतून आवाज आला. तुळजाने सगळ्यांसमोर माझी पानं उलटली. इंधन दहापट, पण एवढा जड तारा जळतो फार वेगाने, म्हणून खर्च तीन हजारपटींहून जास्त. उत्तर आलं, फक्त तीन कोटी वर्षं. "एवढा दांडगा, आणि इतक्यात संपला?" चांगदेव पुटपुटला. तुळजाने ते गणितही पुन्हा एकदा तपासलं, आणि मगच तक्त्यावर लिहिलं.

नव्वदनंतर घरोघरी कॅल्क्युलेटर आले. तुळजा आता राहनाळच्या शाळेत शिकवते, आणि मी तिच्या ट्रंकेच्या तळाशी आहे. कसरीने माझे कोपरे खाल्ले आहेत. मला त्याचं फार वाईट वाटत नाही. एवढंच मागणं आहे. कुठल्याही जुन्या पुस्तकातला आकडा पुसट झालेला दिसला, तर तो अंदाजाने गिरवू नका. जागा मोकळी सोडा. मोकळी जागा बघून पुढचा माणूस निदान विचारील तरी.