प्रवृत्ती

मंद आचेवरच्या दुधाचं झाकण खडखडलं आणि श्यामला कूस बदलून पुन्हा झोपली. मी धावत जाऊन स्टोव्ह बंद केला. खडकीच्या आमच्या क्वार्टरमध्ये दुपारचा दीड तास तेवढा माझा. त्यात शब्दकोशाच्या दोन चिठ्ठ्या लिहून होतात.

आजचा शब्द 'प्रवृत्ती'. मूळ संस्कृत. वृत् म्हणजे वळणे, प्र म्हणजे पुढे. कुणी न ढकलता मन जिकडे जातं ती. उदाहरण म्हणून लिहिलं, 'श्यामलेची प्रवृत्ती मुंग्यांच्या मागे जाण्याची आहे.' मग खोडलं. सहा वर्षांची माझी लेक, सकाळभर रांगेमागे रांगत होती. गुडघ्यांची माती पुसायची राहिलीच.

इतक्यात दाराखालून पोस्टकार्ड सरकलं. कोशाचे संपादक आप्पासाहेब यांचं. कार्यालयात मला कायमची जागा मिळायची होती. महिनाभर याच कार्डाची वाट बघत होते.

'आपल्या यजमानांचे पत्र पोचले. आपली प्रवृत्ती घरसंसाराकडेच असल्याचे समजले. सबब जागा दुसऱ्या उमेदवारास दिली आहे.'

संध्याकाळी हे फॅक्टरीतून आले, तेव्हा चहाबरोबर कार्डही पुढे ठेवलं.

"मला न विचारता कळवलंत?"

"विचारायचं काय त्यात? बघायला आलो होतो तेव्हा आईने विचारलं, आवड कशाची? तू म्हणालीस, घरकामाची. का आता कोशात अर्थ बदलला?"

चहा बशीत ओतून ते शांतपणे प्यायले.

म्हणाले होते मी. आदल्या दिवशी मथुरामावशीने तीनदा घोकून घेतलं होतं, "घरकामाची म्हणायचं. संस्कृतचं नाव काढलंस तर पोहे तसेच टाकून उठतील." मी एकदाही अडखळले नाही. आठ वर्षं यांनी ते खरं धरलं. दोष तरी कसा द्यायचा? देतेच आहे म्हणा.

हे कोपऱ्यावर पेपर आणायला गेले. मी कपबशी विसळायला घेतली. श्यामला मोरीच्या उंबऱ्यावर येऊन बसली.

"आई, तुला घरकाम आवडतं?"

"नाही गं राणी."

"मग बाबांना 'मला आवडतं' असं का सांगितलंस?"

"तेव्हा खरं सांगून चाललं नसतं."

तिने थोडा विचार केला. माझा ओला हात धरून म्हणाली,

"मग आता सांग ना. आता चालेल?"