मोतीबाईची गोफण टेनिसला जाते

मित्रांनो, निकिताच्या त्या लांबलचक बॅगेला पट्ट्याच्या जागी एक मळकट दोरी बांधलेली दिसते ना, ती मी. दोरी म्हणू नका, राग येतो. मी एक जुनी गोफण आहे.

इंझोरी गावात मोतीबाईच्या वडिलांनी मला अंबाडीच्या वाखापासून वळले. दोन लांब दोऱ्या आणि मधे दगड बसायला विणलेला पट्टा, एवढाच माझा देह. एक दोरी बोटात अडकवायची, दुसरी मोकळी धरायची, मला डोक्याभोवती गरगर फिरवायचे आणि नेमक्या क्षणी मोकळी दोरी सोडायची. फाट्! दगड गेला.

ज्वारी हुरड्यात आली की मोतीबाई मचाणावर चढे. राघूंचा थवा दिसला की आधी ती ओरडे, "हाऽ हो हो होऽ!" आणि मग दगड सोडे. तिचा गळा उघडल्याशिवाय तिचा हात सुटत नसे. आमची कीर्ती दूरवर होती. एकदा तर माझ्यातून सुटलेला दगड थेट जऊळक्याच्या स्टेशनातल्या घंटेवर आदळला आणि गाडी आली समजून निम्मी माणसे गाठोडी घेऊन उभी राहिली. जऊळका इथून फार लांब आहे, असे तुम्ही म्हणाल. म्हणूनच तर सांगते आहे!

एक उत्सुकता मात्र मला जन्मभर छळत होती. मी सोडलेला दगड पडतो तरी कुठे? मी जागेवरच लोंबकळत राही. गेलेला एकही दगड परत येऊन काही सांगत नसे.

पुढे शिवारात ज्वारी कमी झाली, सोयाबीन आले. सोयाबीनला राघू विचारत नाहीत. मचाण मोडले आणि मी खुंटीवर गेले. कधी माझ्याने वासरू बांधत, कधी गोणीचे तोंड. गोफणीला याहून मोठा अपमान नाही.

मोतीबाईचा धाकटा भाऊ उकंडराव. त्याची मुलगी निकिता. ती व्यावसायिक टेनिसपटू आहे, म्हणजे टेनिस खेळणे हीच तिची नोकरी. जगातल्या अशा खेळाडूंची क्रमवार यादी निघते. तिच्यात निकिताचे नाव इतके खाली असे की ते शोधता शोधता उकंडरावांचा मोबाईल तापून जाई.

शेजारच्या ललिताबाईंनी तिला एकदा अंगणातच गाठले. "जगात कितवी आहेस वं पोरी?"

"एक हजार बारावी."

"बाप्पा! मंग तुह्या मांगं कोणी हाये का नाई?"

"हाये ना काकू. तुमी, बाबा, सारी इंझोरी!"

निकिता हसली खरी, पण आत काळजी होती. टेनिसमध्ये जिंकल्याचे गुण वर्षभरच टिकतात, नंतर गळून पडतात. तिचे मागच्या वर्षीचे गुण आता गळणार होते. महिनाभरात ट्युनिशिया नावाच्या देशात एक स्पर्धा होती. तिथे एक तरी सामना जिंकला नाही, तर निकिताचे नाव यादीतूनच जाणार होते. मग मोठ्या गावातल्या एखाद्या क्लबात लहान मुलांना शिकवायचे आणि स्वतःचे खेळणे संपवायचे, असे तिने मनाशी ठरवले होते.

घरामागच्या जुन्या खळ्यावर शेण-मातीने सारवून तिने अर्धे कोर्ट केले होते. तिथे ती एकटीच भिंतीवर चेंडू मारत असे. मोतीबाईने तिला सरळच विचारले, "एवढी मेहनत करून राह्यली, मंग हरतं काहून?"

"समोरच्या पोरी चेंडू उंच उडवतात, आत्या. टप्पा पडला का खांद्याच्या वर येते. मले मांगं सरकावं लागते अन् डाव फसते."

"मंग उंच फेकणाऱ्यासंगं खेळ."

"इथं कोण फेकन तसा?"

मोतीबाई उठली. घरात गेली आणि तिने मला खुंटीवरून उतरवले.

मचाण नव्हते, म्हणून ती ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर चढली. माझ्या पट्ट्यात दगडाऐवजी चेंडू आला. केसाळ, हलका, आतून पोकळ. मला गुदगुल्या झाल्या. त्या नादात पहिला चेंडू खळे ओलांडून ओसरीवर गेला. तिथे उकंडराव चहा पीत होते. कप गेला, कान तेवढा हातात राहिला.

"मोतीबाई, मी काय राघू हाये?"

"राघू इतका वेळ एका जागी बसत नाई!"

हळूहळू मोतीबाईचा अंदाज बसला. चेंडू उंचावरून येई आणि टप्पा घेऊन निकिताच्या कानाशी उसळे. पण प्रत्येक चेंडूआधी आरोळी ठरलेली.

"आत्या, ओरडू नको वं. तिथं कोणी ओरडत नाई."

"मंग माहा हात सुटत नाई."

निकिताने नाद सोडला. "हाऽ हो हो" ऐकले की ती सावध होई, आणि "होऽ" लांबले की मागे सरण्याऐवजी पुढे पाऊल टाकून चेंडू वरच्या वर मारी. रोज सकाळी आमचा हाच उद्योग. मला वाटले, आता ट्युनिशियाची काही खैर नाही.

निघायच्या दिवशी कारंजाच्या बसस्टँडवर तिच्या बॅगेचा पट्टा तुटला. निरोप द्यायला आलेल्या मोतीबाईने मला कमरेवरून सोडून बॅगेला बांधले.

"वापस आणजो. बापाची हाये."

विमानतळावर एका अधिकाऱ्याने मला दोन बोटांत धरून विचारले, "ये क्या है?" निकिता म्हणाली, "बॅग का पट्टा." मी गप्प राहिले. माझा पराक्रम सांगितला असता, तर आम्ही दोघी तिथेच अडकलो असतो.

मित्रांनो, टेनिसपटू म्हटले की तुम्हाला झगमगाट दिसतो. मी पाहिले ते वेगळेच. निकिता ज्या मुलीसोबत एका खोलीत राहत होती, तीच पुढच्या फेरीत समोर येऊ शकत होती. खेळून आले की कपडे बादलीत स्वतः धुवायचे. ते वाळत घालायला खोलीत दोरी नव्हती. मग कोणाला ताणून बांधले, हे वेगळे सांगायला नको.

सामन्याच्या दिवशी मी बाकावर बॅगेशी होते. बघायला दोनच माणसे, त्यातला एक बहुतेक कोर्ट रिकामे होण्याची वाट पाहत होता. खेळ सुरू झाला आणि मी थक्क झाले. इथे फेकलेली वस्तू परत येते! मी डोळे फाडून बघत राहिले.

पण निकिता हरत होती. समोरची मुलगी चेंडू उंच उडवी आणि निकिता दर वेळी क्षणभर उशिरा पोचे. पहिला सेट गेला. ती बाकावर येऊन बसली. डोक्यावर टॉवेल, हात माझ्यावर. माझी दोरी बोटाला गुंडाळत ती पुटपुटली, "आत्या ओरडत नाई ना इथं."

तेव्हा कुठे माझ्या ध्यानात आले. महिनाभर तिचे पाय चेंडूपेक्षा मोतीबाईच्या गळ्यावरच चालत होते!

दुसऱ्या सेटमध्ये पहिलाच उंच चेंडू आला आणि निकिता स्वतःच ओरडली, "हाऽ हो हो होऽ!" जाळीवरच्या चिमण्या भुर्रकन उडाल्या. समोरच्या मुलीने रॅकेट खाली टाकली आणि तक्रार केली. पंचांनी उंच खुर्चीवरून वाकून समज दिली. पुन्हा असा आवाज केला तर गुण जाईल.

निकिताने मान हलवली. त्यानंतर आवाज आला नाही, पण मी बाकावरून बघत होते. चेंडू तिच्याकडे निघाला की तिचे ओठ हलत. पाऊल पुढे पडे. दुसरा सेट तिने घेतला. तिसरा अगदी शेवटपर्यंत ताणला गेला. शेवटचा चेंडू तिने खांद्यावरून असा हाणला की तो कोपऱ्यातल्या पांढऱ्या रेषेच्या आत पडला. कुठे पडला ते मी पाहिले. तो मात्र परत आला नाही.

पुढच्या फेरीत ती हरली. तेही सांगायला हवे, नाहीतर तुम्ही म्हणाल, गोफण नुसत्या थापा मारते.

घरी आल्यावर नवी यादी निघाली. उकंडराव ओसरीवर मोबाईल घेऊन बसले होते.

"नंबर वाढला का?"

"नाई बाबा. उलटा खाली गेला."

"मंग जिंकून काय झालं?"

"नाव राह्यलं."

उकंडराव बराच वेळ पडद्यावर बोट फिरवत राहिले. नाव सापडले तेव्हा त्यांनी बोट तिथेच ठेवले आणि मोबाईल तसाच धरून, बोट न हलवता, ललिताबाईंच्या घरी दाखवायला गेले.

मित्रांनो, पहिल्या दहा जणींची नावे साऱ्या जगाला पाठ असतात. यादीत खाली असलेलीही तितकीच पहाटे उठते, तितकीच धावते. तिला "हरतं काहून" असे विचारण्याआधी एकदा तिचा खेळ बघायला जाऊन बसा. आणि तुमच्या घरात कोणी म्हातारी गोफण खुंटीवर असेल, तर तिला वाळवीच्या तोंडी देऊ नका. तिच्या अंगात अजून फेक असते.

निकिता पुढच्या स्पर्धेची तयारी करते आहे. मोतीबाई रोज सकाळी मला बॅगेवरून सोडवून ट्रॉलीवर चढते. फेकलेले चेंडू शेजारच्या तुरीत हरवतात आणि शोधायला माणसे कमी पडतात. या की!